उंची वाढली म्हणून मुलीला घरी पाठवू नका : मुंबईतल्या मल्लखांब-जिम्नॅस्टिक्सच्या सर-ताईंना खुलं पत्र

सर, ताई, सगळ्यांना नमस्कार.

दादर-परळपासून पार्ले, बोरिवली, मुलुंडपर्यंत जिथे जिथे संध्याकाळी मुली दोरीवर चढतात, बीमवर चालतात, त्या सगळ्या वर्गांच्या सर-ताईंना हे पत्र आहे. सोबत मुंबई शहर आणि मुंबई उपनगर अशा दोन्ही जिल्ह्यांच्या क्रीडा अधिकाऱ्यांनाही आहे, कारण यातलं अर्धं काम आपल्या हातात आहे आणि अर्धं त्यांच्या. मागणी अगदी सरळ आहे. आठवी-नववीत उंची झपाट्याने वाढली म्हणून जी मुलगी आपल्या वर्गातून गळते तिला नुसतं घरी पाठवू नका, तिला पोल व्हॉल्टकडे, म्हणजे लांब पोलच्या आधाराने उंच बार ओलांडायच्या उडीकडे, पाठवा, आणि पोल व्हॉल्ट शिकायला मुंबईत धड जागा नाही असं म्हणत असाल तर ती जागा मिळवायला आपण सगळे एकत्र उभे राहू.

हे डोक्यात का आलं तर येलेना इसिनबायेवामुळे. नाव बऱ्याच जणांनी ऐकलं असेल, पोल व्हॉल्टची राणी वगैरे, पण तिची सुरुवात कशी झाली हे आपल्यासारख्या शिकवणाऱ्या लोकांनी नीट बघायला हवं असं मला फार वाटतं. १९८२ चा जन्म, रशियातलं व्होल्गोग्राड शहर, वडील प्लंबर, घरची परिस्थिती बेताची. पाचव्या वर्षी जिम्नॅस्टिक्सला घातली आणि पंधराव्या वर्षापर्यंत तिने तेच केलं, म्हणजे दहा वर्षं रोजचा घाम, आणि मग काय झालं तर ती उंच झाली. मोठेपणी तिची उंची १.७४ मीटर, आपल्या हिशोबात पाच फूट साडेआठ इंच. जिम्नॅस्टिक्समध्ये एवढ्या उंचीच्या मुलीचं पुढे काही होत नाही हे मी तुम्हाला सांगायला नको. गोष्ट तिथेच संपायची, जशी आपल्याकडे दर वर्षी कितीतरी मुलींची संपते. पण तिच्या जिम्नॅस्टिक्सच्याच कोचला वाटलं की ही पोल व्हॉल्टमध्ये चालेल, आणि तिला येवगेनी ट्रोफिमोव्ह या कोचकडे नेलं. मुलीने तोपर्यंत पोल हातातही धरला नव्हता. त्यानंतर जेमतेम सहा महिन्यांनी, १९९८ मध्ये, मॉस्कोच्या वर्ल्ड यूथ गेम्समध्ये तिने ४ मीटर पार करून गोल्ड मारलं. सहा महिने! आयुष्यातली तिसरी ॲथलेटिक्सची स्पर्धा होती तिची.

आता यातलं श्रेय कुणाचं असं विचाराल तर मी म्हणेन तिचं स्वतःचं तर आहेच, ट्रोफिमोव्हचंही आहे, पण सगळ्यात आधी त्या जिम्नॅस्टिक्सच्या कोचचं. स्वतःच्या वर्गातली दहा वर्षांची मेहनत दुसऱ्याच्या मैदानावर नेऊन दिली त्याने. ट्रोफिमोव्हला तयार खांदे मिळाले, तयार पोट मिळालं, उलटं लटकायला न घाबरणारी मुलगी मिळाली. त्याला फक्त धावायला आणि पोल रोवायला शिकवायचं होतं. (फक्त म्हणतेय खरं, तेही सोपं नसतं, त्यावर पुढे येते.)

मी उपनगरातल्या एका लहानशा वर्गात बरीच वर्षं मुलींना दोरीचा मल्लखांब शिकवते. आपल्या मुली काय काय करतात ते एकदा बाहेरच्या माणसाच्या नजरेने बघा. पायाचा अंगठा आणि शेजारच्या बोटाच्या बेचक्यात दोरी धरायची, हाताने वर ओढायचं, आणि पुढच्या क्षणी कंबर डोक्याच्या वर, पाय सरळ आभाळाकडे, सगळं वजन दोन मुठींवर आणि पोटावर. दहा-अकरा वर्षांची पोर हे गप्पा मारत करते. आता पोल व्हॉल्टचा कुठलाही स्लो मोशन व्हिडिओ लावा. पोल खड्ड्यात टेकला, पाय जमिनीवरून सुटले, की पुढची पूर्ण उडी म्हणजे हेच, लटकलेलं अंग झोका घेतं, गुडघे छातीकडे, कंबर वर, अंग उलटं होऊन पोलला समांतर, मग वळण, आणि हातांनी शेवटचा रेटा. परदेशात पोल व्हॉल्टचे कोच नवीन मुलांना हे उलटं होणं शिकवायला चक्क दोरी टांगतात. दोरी, सर! जे शिकवायला त्यांना मुद्दाम ड्रिल घ्यावं लागतं ते आपल्या मुली सहावी-सातवीत करून मोकळ्या झालेल्या असतात. हातांना घट्टे पडलेले असतात, पकड अशी की दोरीवरून ओढून काढावी लागते, आणि जमिनीपासून उंचावर, डोकं खाली पाय वर अशा अवस्थेत ज्यांचं डोकं शांत राहतं अशा मुली एका शहरात एवढ्या संख्येने दुसरीकडे कुठे आहेत मला सांगा. मल्लखांबाची पहिली वर्ल्ड चॅम्पियनशिप २०१९ मध्ये आपल्या शिवाजी पार्कवरच झाली, ज्यांनी त्यासाठी आयुष्य घातलं त्या उदय देशपांडे सरांना २०२४ मध्ये पद्मश्री मिळाली. म्हणजे मान मिळतोय, स्पर्धा वाढतायत, खेलो इंडियात मल्लखांब आलाय, सगळं छान आहे. तरीही नववीनंतर वर्गातल्या मुली मोजा.

गेल्या काही वर्षांतली एक मुलगी माझ्या डोळ्यांसमोरून जात नाही. नाव नाही सांगत. आधी एका जिम्नॅस्टिक्स वर्गात होती, तिथे सांगितलं की आता हिची उंची फार झाली, वेळ वाया घालवू नका. आई तिला माझ्याकडे घेऊन आली. दोरीवर लांब अंग खरं तर दिसायला सुंदर दिसतं, पण पटापट आसनं बदलताना ती सेकंदभर मागे पडायची आणि स्पर्धेत तेवढ्यावर सिलेक्शन जातं. एके दिवशी सराव संपल्यावर मुली पकडापकडी खेळत होत्या तेव्हा ती मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत अशी काही सुसाट पळाली की बाकीच्या मुली मध्येच थांबून बघत राहिल्या. लांब पाय, मजबूत खांदे, उलटं व्हायची भीती शून्य. मी चौकशी सुरू केली, हिला पोल व्हॉल्ट कुठे शिकवता येईल, एकाने दुसऱ्याचा नंबर दिला, दुसऱ्याने सांगितलं की मॅट खराब आहे, तिसऱ्याने सांगितलं पोल आहेत पण मोठ्या मुलांच्या वजनाचे आहेत. तोवर दहावी आली, क्लास लागले, आणि मुलगी गेली. आता ती खेळत नाही. तिच्यात इसिनबायेवा होती असं मी म्हणणार नाही, कारण ते कुणालाच आधी कळत नसतं. पण तिला एकदा तरी पोल हातात धरून धावायला मिळायला हवं होतं, ते आपल्या एवढ्या मोठ्या शहरात मिळालं नाही.

आकडे बघा म्हणजे ही मागणी हवेतली नाही हे कळेल. इसिनबायेवा २००० साली ४.२० मीटर मारून वर्ल्ड ज्युनिअर चॅम्पियन झाली, तेव्हा पोल धरून तिला तीन वर्षंही झाली नव्हती. आपल्या देशाचा बायकांचा रेकॉर्ड ४.२० ला पोचला २०२२ मध्ये, गुजरातच्या नॅशनल गेम्समध्ये, रोझी मीना पॉलराजने मारली ती उडी, आणि तिच्याआधी व्ही. एस. सुरेखाचा ४.१५ चा रेकॉर्ड २०१४ पासून तसाच होता. या दोघींनी जे केलं ते केवढं मोठं आहे हे सुविधांची अवस्था माहीत असलेल्यालाच कळेल, त्यांच्याबद्दल माझ्या मनात फक्त आदर आहे. पुरुषांमध्ये मध्य प्रदेशच्या देव मीनाने २०२५ मध्ये जर्मनीतल्या वर्ल्ड युनिव्हर्सिटी गेम्सला ५.४० मीटर मारून रेकॉर्ड आणखी वर नेला. म्हणजे देशात हा खेळ हलायला लागलाय, आणि मल्लखांबाचं माहेरघर असलेला महाराष्ट्र, त्यातली मुंबई, यात कुठे आहे?

आता क्रीडा अधिकारी साहेब, मॅडम, तुमच्याशी बोलते.

मला माहितीये की मैदानं कमी आहेत आणि मागणाऱ्यांची रांग मोठी आहे. क्रिकेट, फुटबॉल, सगळ्यांना जागा हवी. पण पोल व्हॉल्टला स्टेडियम लागत नाही. चाळीस-पंचेचाळीस मीटरचा रनवे, शेवटी पोल टेकवायचा मीटरभर लांब आणि वीस सेंटीमीटर खोल उतरता खड्डा, दोन स्टँड, बार आणि चांगला जाड लँडिंग मॅट. जिथे सिंथेटिक ट्रॅक आहे तिथे बाकीचं बसवता येतं. प्रियदर्शनी पार्क आहे, मरीन लाइन्सचं युनिव्हर्सिटीचं ग्राउंड आहे, कांदिवलीला साई (भारतीय क्रीडा प्राधिकरणाचं केंद्र) आहे, अंधेरीचं संकुल आहे. यातल्या कुठल्या ठिकाणी पोल व्हॉल्टची सोय आज चालू अवस्थेत आहे, कोणत्या वेळेला बाहेरच्या मुलीला तिथे प्रवेश मिळतो आणि कोच कोण, एवढी माहिती एका कागदावर लिहून जाहीर केलीत तरी आमच्यासारख्यांची फोनाफोनी वाचेल. जिथे सोय नाही तिथे निदान एक शहरात आणि एक उपनगरात, अशा दोन जागा करा. चर्चगेटची मुलगी आणि दहिसरची मुलगी दोघींना शाळा सुटल्यावर पोचता आलं पाहिजे.

पोलचा प्रश्न वेगळा आहे आणि तो नीट समजून घ्यायला हवा, कारण इथेच सगळं अडतं. बॅट जशी एक घेतली की वर्षभर चालते तसं यात नाही. पोल खेळाडूच्या वजनावर आणि तो किती वर धरणार त्यावर ठरतो. पंचेचाळीस किलोच्या मुलीला सत्तर किलोच्या मुलाचा पोल दिला तर तो वाकणारच नाही, ती आपटून मागे फेकली जाईल, आणि वजनदार मुलीला हलका पोल दिला तर तो मोडू शकतो. शिवाय मुलगी शिकत गेली, वेग वाढला, की त्याहून कडक पोल लागतो, सहा महिन्यांनी आणखी कडक. म्हणजे एका मुलीला सुद्धा पोलची मालिका लागते. कुठली शाळा हे विकत घेणार? कुठले आईवडील घेणार? आणि घेतला तरी चार मीटरचा पोल घेऊन संध्याकाळी दादरला लोकलमध्ये कोण चढणार आहे? म्हणून पोल मैदानावरच असले पाहिजेत, जिल्ह्याच्या मालकीचे, लहान वजनापासून मोठ्या वजनापर्यंत पूर्ण संच, वहीत नोंद करून वापरायला द्यायचे. ही एक गोष्ट केलीत तर निम्मा प्रश्न सुटला.

मॅटबद्दल पण लिहिते, कारण मुंबईचा पाऊस. फोमचा मॅट उघड्यावर ठेवला की पहिल्या जूनमध्ये पाणी पितो, ऑगस्टमध्ये कुजतो, आणि पुढच्या सीझनला वरून चांगला दिसतो पण आतून बसलेला असतो. त्यावर पडणं धोक्याचं आहे. त्याला जमिनीपासून उचललेली जाळी, वर सरकणारं पत्र्याचं झाकण, आणि बंद करायची जबाबदारी कुणाच्या तरी नावावर, हे तिन्ही मॅटच्या खरेदीतच धरा. नाहीतर दर दोन वर्षांनी नवीन मॅट आणि मधले आठ महिने "मॅट खराब आहे".

आणि कोच. हे सगळ्यात महत्त्वाचं. मी मल्लखांब शिकवते म्हणून उद्या कुणी मला पोल देऊन उभं केलं तर मी नाही म्हणेन, तुम्हीही म्हणा. हा खेळ चुकीचा शिकवला तर मानेला, पाठीला कायमची इजा होऊ शकते. बांबू आणि वाळूचा ढीग, अशी जुगाड उडी कुणीही करून घेऊ नये, हात जोडून सांगते. शिकलेला कोच आणा, देशात आहेत, तमिळनाडूत आहेत, केरळात आहेत, भोपाळला आहेत. सुट्टीत महिनाभर बोलवा, आमच्यातल्या तरुण ताया आणि ॲथलेटिक्सचे सर त्याच्या हाताखाली शिकू देत.

मघाशी म्हटलं होतं की धावणं सोपं नाही, त्यावर येते, कारण आपल्या बाजूची कमतरता पण सांगितली पाहिजे. पोल व्हॉल्टमध्ये उंची येते वेगातून. सेकंदाला ८ मीटर वेगाने येणाऱ्या मुलीची सगळी धाव उंचीत बदलली असं धरलं तर साधारण सव्वातीन मीटर वर जाता येतं, त्यात तिच्या अंगाचा मध्य आधीच जमिनीपासून जवळजवळ मीटरभर वर असतो, वरून हातांचा रेटा मिळतो. म्हणजे वेगच नसेल तर दोरीवरची सगळी कला खालीच राहणार. आणि आपल्या वर्गात आपण मुलींना धावायला लावतच नाही! वॉर्मअपला दोन चकरा मारल्या की झालं. आठवड्यातून दोनदा तीस मीटरचे स्प्रिंट, हात वर धरून धावणं, एका पायावर उड्या, एवढं आजपासून सुरू करता येईल, त्याला ना परवानगी लागते ना पैसे. मल्लखांबालाही त्याचा फायदाच आहे.

काही सरांना वाटेल की आपली चांगली तयार मुलगी दुसऱ्या खेळाला का द्यायची. पण मी जी चांगली खेळतेय तिला काढा असं म्हणतच नाहीये. जिला आपण स्वतःच मनातून सोडलेलं आहे, जी मागच्या रांगेत उभी राहून हळूहळू यायची बंद होते, तिच्याबद्दल बोलतेय.

तिला आणि तिच्या घरच्यांना इसिनबायेवाची पुढची गोष्ट पण सांगा, नुसती मेडलची नाही. सिडनी २००० ला ऑलिम्पिकमध्ये बायकांचा पोल व्हॉल्ट पहिल्यांदा आला (पुरुषांचा १८९६ पासून होता, विचार करा), त्यात ती फायनललाही पोचली नाही. अथेन्स २००४ तर मी कितीही वेळा बघू शकते. नियम असा की लागोपाठ तीन उड्या फसल्या की बाहेर. ४.७० ला तिची एक फसली. तिने ती उंची सोडून दिली, ४.७५ वर गेली, तिथेही फसली. समोर तिच्याच देशाची स्वेतलाना फेओफानोवा ४.७५ पार करून बसलेली. आता उरली एक उडी, आणि तिने काय करावं तर ४.७५ पण सोडून बार ४.८० ला मागितला. दोन उड्यांच्या मधे ती आडवी पडून तोंडावर टॉवेल, टोपी घेऊन झाकून घ्यायची, कुणाची उडी बघायची नाही, आणि आपली पाळी आली की पोल उभा धरून त्याच्याशी काहीतरी पुटपुटायची. तशीच उठली, पुटपुटली, धावली, ४.८० पार. मग ४.८५ पार. मग ४.९१, वर्ल्ड रेकॉर्ड आणि ऑलिम्पिक गोल्ड. पुढच्या वर्षी जुलैत लंडनला ५ मीटर पार करणारी जगातली पहिली बाई. बीजिंग २००८ ला गोल्ड पक्कं झाल्यावरही थांबली नाही, बार वाढवून ५.०५.

आणि मग २००९, बर्लिनची वर्ल्ड चॅम्पियनशिप, जिथे ती एकही उंची पार करू शकली नाही. शून्य. जगज्जेती बाई, सगळ्यांसमोर. अकरा दिवसांनी झ्युरिकला तिने ५.०६ मारला, आणि तो रेकॉर्ड अजून कुणी मोडलेला नाही. लंडन २०१२ ला ब्राँझ मिळालं, २०१३ ला मॉस्कोत पुन्हा वर्ल्ड चॅम्पियन झाली, पुढच्या वर्षी मुलगी झाली, परत सरावाला लागली. रिओ २०१६ ला रशियाच्या ॲथलेटिक्सवर डोपिंगवरून बंदी होती म्हणून तिला उतरता आलं नाही, ती स्वतः कधी दोषी सापडली नव्हती तरी. तिची सगळी मतं मला पटतात असं नाही. २०१३ ला समलिंगी लोकांविरुद्धच्या रशियन कायद्याच्या बाजूने ती बोलली होती, नंतर माझं बोलणं चुकीचं घेतलं गेलं म्हणाली, मला ते बोलणं आवडलं नव्हतं आणि मुलींनी विचारलं तर मी तेही सांगते. पण पंधराव्या वर्षी "तुझं आता होणार नाही" ऐकलेली मुलगी अठ्ठावीस वर्ल्ड रेकॉर्ड करते, हे आपल्या मुलींपासून लपवून ठेवायचं काहीच कारण नाही.

पुरुषांमध्ये २०२५ मध्ये जो आर्मांड डुप्लांटिस ६.३० मीटरवर पोचला तो लहानपणी घराच्या परसातल्या पिटवर शिकला, वडील स्वतः पोल व्हॉल्टर. आपल्या मुलींच्या घराला परस नाही, चाळीचा पॅसेज आहे नाहीतर बिल्डिंगचं पार्किंग आहे. म्हणून त्यांचं परस महापालिकेने आणि सरकारनेच द्यायचं आहे.

तर पाऊस ओसरला की ऑक्टोबरमध्ये एका रविवारी सकाळी, शहर आणि उपनगरच्या क्रीडा अधिकाऱ्यांनी मिळून एक मैदान आणि पोल व्हॉल्ट येणारा एक कोच द्यावा. प्रत्येक वर्गाने आपल्याकडच्या बारा ते सोळा वयाच्या उंच मुली आणायच्या, ज्या सोडून गेल्यात त्यांच्या आयांनाही फोन करायचा. तीस मीटर धाव, लटकून पाय वर नेणं, आणि आखूड पोल धरून मॅटवर एक साधी उडी, बस्स. कोच ज्यांची नावं लिहील त्यांना वर्षभर जागा आणि पोल मिळतील एवढं लेखी द्या. तारीख आणि मैदान तुम्ही कळवा, मुली आम्ही आणतो.

आपली,
उपनगरात दोरीचा मल्लखांब शिकवणारी एक ताई